टाच उचल, पैलवान

मी पहिल्यांदा बॉक्सिंगच्या हॉलमध्ये गेलो तेव्हा माझं वय २६ आणि वजन ११२ किलो. जून २०१६. पुण्यात पाऊस लागला होता, हॉलचा पत्रा एवढा वाजत होता की सरांनी मला वय दोनदा विचारलं. दुसऱ्यांदा सांगितल्यावर ते काही बोलले नाहीत, माझ्या पायांकडे बघत राहिले. खांदे नाही, दंड नाही, पाय. मला तेव्हा कळलं नाही ते काय बघतायत. कळायला पुढे पाच वर्षं गेली.

मी मूळचा कराडकडचा, शेतकरी घरातला. बाराव्या वर्षी गावच्या तालमीत गेलो आणि सतराव्या वर्षी वस्तादांनी कोल्हापूरला पाठवलं. तिथं पाच वर्षं लाल मातीत काढली. हळद, ताक, तेल, लिंबू घालून मळलेली माती, तिचा वास अजून कधी कधी झोपेत येतो. पहाटे चारला उठायचं, जोर, बैठका, आखाडा खोदायचा, मग लढत, मग बदाम वाटायला बसायचं. बाविसाव्या वर्षी मॅटवर एका कुस्तीत उजवा पाय मॅटमध्ये अडकला आणि वरचं अंग फिरलं. गुडघ्यातला लिगामेंट गेला. ऑपरेशन झालं, वर्ष गेलं, परत मातीत उतरलो तर गुडघा दाबाखाली सरकायचा. वस्ताद म्हणाले, पोरा, आता नको. त्यांच्या डोळ्यात पाणी होतं म्हणून मी वाद घातला नाही. मग चाकणला गोडाऊनमध्ये नोकरी, रात्रपाळी, आणि कुस्तीचा खुराक चालूच पण मेहनत बंद, त्यामुळे वजन वाढतच गेलं.

बॉक्सिंग डोक्यात पण नव्हतं. गोडाऊनमध्ये एक १९ वर्षांचा पोरगा होता, साठ-बासष्ट किलोचा, तो म्हणाला दादा आमच्याकडे तुमच्या वजनाचा एकसुद्धा माणूस नाही, सर म्हणतात कुणी दिसला तर घेऊन या. एवढंच. म्हणजे मला कुणी गुण बघून नेलं नाही, वजन बघून नेलं. आणि मी हे मुद्दाम सांगतोय, कारण हेवीवेटमध्ये उशिरा येणाऱ्या बहुतेकांची सुरुवात अशीच असते. ५० किलोच्या गटात २६ व्या वर्षी गेलात तर समोरचा दहा वर्षांपासून खेळतोय, त्याच्या हाताचा वारा पण तुम्हाला दिसणार नाही. पण नव्वदच्या वरची माणसंच कमी, आणि उंची-वजन कुणी शिकवू शकत नाही, त्यामुळे तिथं दार उशिरापर्यंत उघडं राहतं.

सर फौजेतून रिटायर झालेले, सातारा जिल्ह्यातलेच. त्यांनी पहिल्याच आठवड्यात मला कौर सिंग यांची गोष्ट सांगितली. पंजाबात संगरूर जिल्ह्यातलं खनाल खुर्द गाव, शेती करणारा माणूस, फौजेत भरती झाला आणि १९७७ मध्ये, पंचविशी उलटून गेल्यावर, हातात ग्लोव्ह्ज घातले. १९८० मध्ये आपल्या मुंबईत आशियाई अजिंक्यपद स्पर्धा झाली त्यात हेवीवेटचं सोनं. त्याच वर्षी जानेवारीत दिल्लीत मुहम्मद अलींसमोर प्रदर्शनीय लढत खेळला. १९८२ ला दिल्ली एशियाडचं सोनं, मग अर्जुन, पद्मश्री. सर म्हणायचे, ज्या वयात लोक पोरांची बारशी करत असतात त्या वयात तो स्टान्स, म्हणजे रिंगमध्ये उभं कसं राहायचं ते, शिकत होता. मी तेव्हा हे ऐकून फुगलो. मला वाटलं आपल्यालाही तीन-चार वर्षं पुरतील. त्या गोष्टीतला "फौज" हा शब्द मी नीट ऐकलाच नाही. सकाळ-संध्याकाळ प्रॅक्टिस, रेशन, कोच, पाठीशी युनिट. मी रात्री दहा ते सकाळी सहा खोकी उचलून साडेसहाला हॉलवर यायचो.

पहिले दोन महिने सरांनी मला एक ठोसा मारू दिला नाही. एकसुद्धा. बॅग समोर लटकतेय, पंधरा वर्षांची पोरं धपाधप मारतायत आणि मी कोपऱ्यात खडूने मारलेल्या रेषेवर उभा. डावा पाय पुढे, उजवा मागे तिरका, मागची टाच उचललेली. त्या टाचेखाली सर काडेपेटी ठेवायचे. भरलेली नाही, रिकामी. पुढे सरक, मागे सरक, डावीकडे, उजवीकडे, आणि "थांब" म्हटलं की ते येऊन टाचेखाली पेटी सरकवायचे आणि माझ्या खांद्यावर हात ठेवून हलकेच दाबायचे. टाच खाली आली की पेटी चेपली. चेपली की परत पहिल्यापासून. दोन्ही घोट्यांना जुन्या स्किपिंगच्या दोरीचा हातभर तुकडा बांधलेला, म्हणजे पावलं एकमेकांवर जाणार नाहीत आणि फार लांबही पडणार नाहीत. पहिल्या दिवशी मी अकरा पेट्या चेपल्या. "टाच उचल, पैलवान." हे वाक्य मी आयुष्यात किती वेळा ऐकलं असेल त्याचा हिशोब नाही.

कुस्ती न केलेल्याला यात काय अवघड ते कळणार नाही म्हणून सांगतो. मातीत आम्ही पाय रुतवायला शिकतो. पंजा, टाच, सगळं मातीत, कारण समोरचा ओढणार आहे, ढकलणार आहे. डोकं पुढे, खाली, समोरच्याच्या कपाळाला नाहीतर खांद्याला टेकलेलं. हात खाली, मनगट नाहीतर पट, म्हणजे समोरच्याची मांडी, धरायला तयार. दहा वर्षं रोज हेच केलेलं. बॉक्सिंगला नेमकं उलटं सगळं. ठोसा हातातून येतच नाही, तो मागच्या पायाच्या अंगठ्यातून येतो. अंगठ्यावर पाय फिरला की कंबर फिरते, कंबर फिरली की खांदा, आणि सगळ्यात शेवटी मूठ. टाच जमिनीला चिकटलेली असेल तर कंबर अडकते आणि मग तुम्ही नुसत्या दंडाने मारता. आता खरी मेख अशी की ११२ किलोच्या माणसाचा नुसत्या दंडाचा ठोसासुद्धा जोरात लागतो. त्यामुळे हलक्या पोराला चूक लगेच कळते आणि जड माणसाला चूक बरोबर वाटते. सर म्हणायचे उशीर हातांना होत नाही, हात सहा महिन्यांत येतात. उशीर पायांना होतो.

कुस्तीने दिलं ते पण सांगायला पाहिजे. मान. दहा वर्षं ब्रिज, म्हणजे मानेवर अंग पेलायची कमान, काढून, मानेवर माणसं झेलून माझी मान अशी झाली होती की ठोसा लागला तरी डोकं झटकन फिरत नव्हतं, आणि डोकं फिरलं की माणूस पडतो. क्लिंचमध्ये, म्हणजे दोघं एकमेकांना मिठी घालून अडकले की, मी कुणाला हलू द्यायचो नाही. आणि मार खायची सवय, दुखलं तरी चेहरा तसाच ठेवायची सवय. खुराक मात्र सरांनी निम्म्यावर आणला. दूध ठेवलं, तूप काढलं, बदाम मोजून. आठ महिन्यांत १०१ किलोवर आलो. आईने गावाकडून फोनवर विचारलं, तुला तिथं कुणी जेवायला घालत नाही का रे.

पहिली बाउट मार्च २०१७ ला. निवड चाचणी होती. सकाळी वजन, मग मेडिकल. मेडिकलला डॉक्टरांनी बीपी बघितलं आणि परत बघितलं. वाढलेलं होतं. सरांनी मला भिंतीला टेकून बसवलं, पाणी पाजलं, दहा मिनिटं डोळे मिटायला लावले, मग तिसऱ्यांदा घेतलं तेव्हा बसलं. रेकॉर्ड बुकवर सही झाली. बाउट दुपारी तीनची होती ती आयोजकांच्या गोंधळामुळे रात्री साडेदहाला लागली. साडेसात तास मी बँडेज बांधून, सोडून, परत बांधून बसलो. साडेचार मीटरची पट्टी. अंगठ्यात लूप, मनगटाला तीन वेढे, तळव्यावरून बोटांच्या मुळांवर, मग बोटांच्या मधून एक एक. सर बांधताना काही बोलत नव्हते. बांधून झालं की माझी मूठ स्वतःच्या तळहातावर दोनदा आपटून बघायचे. त्या दिवशी त्यांनी चार वेळा बांधली.

समोर वीस वर्षांचा पोरगा, माझ्यापेक्षा चार-पाच किलोंनी हलका. पुरुषांच्या सीनियर गटात हेडगार्ड २०१३ पासूनच काढलेलं, त्यामुळे चेहरा उघडा. बेल वाजली आणि मी जे काही नऊ महिन्यांत शिकलो होतो ते सगळं गेलं. खरंच सगळं. पहिला जॅब, पुढच्या हाताचा सरळ ठोसा, नाकावर बसला आणि माझं डोकं आपोआप खाली गेलं, पुढे गेलं, कुस्तीसारखं. रेफरीने "स्टॉप" म्हणून डोकं खाली घालण्याबद्दल ताकीद दिली. परत "बॉक्स". परत दोन जॅब, परत माझं डोकं खाली, आणि या वेळी माझा डावा हात त्याच्या मांडीमागे गेला. मी पट काढत होतो. रिंगमध्ये, ग्लोव्ह्ज घालून. मला त्याचं भानच नव्हतं. अधिकृत वॉर्निंग मिळाली, पॉइंट गेला. दुसऱ्या राउंडला त्या पोराला कळलं होतं की याचं डोकं खाली येतं, तो वाटच बघत होता, आणि त्याचा अपरकट, खालून वर येणारा ठोसा, बरोबर हनुवटीखाली बसला. मी पडलो नाही पण मला काउंट चारपासून ऐकू आला. एक, दोन, तीन कुठे गेले माहीत नाही. आठला रेफरीने माझे हात धरून डोळ्यात बघितलं आणि बाउट थांबवली.

डोक्याला मार लागून बाउट थांबली की नियमाने कमीत कमी ३० दिवस सक्तीची विश्रांती, स्पारिंगही, म्हणजे सरावाची लढतही, नाही. ते रेकॉर्ड बुकात लिहिलं जातं. परतीच्या एसटीत मी ते पान उघडून बसलो होतो. सर शेजारी. मी म्हणालो, सर, वय झालं माझं. ते म्हणाले, वयाने नाही हरलास, दहा वर्षांच्या सवयीने हरलास, आणि सवय मोडायला तेवढंच रोज करावं लागतं. मग त्यांनी डबा उघडला आणि अर्धी भाकरी मला दिली. ३० दिवस मी फक्त रेषेवर चाललो.

पुढची तीन वर्षं भराभर सांगतो कारण ती दिसायला सगळी सारखीच होती. नोकरी, हॉल, झोप. हेवीवेटची सगळ्यात मोठी अडचण स्पारिंग पार्टनर. आमच्या हॉलमध्ये माझ्या खालोखाल ७५ किलोचा एक जण, तो माझ्याशी खेळायचा तेव्हा मी हात आवरून मारायचो आणि तो पळत राहायचा, दोघांचंही नुकसान. म्हणून दर रविवारी रात्रपाळी संपवून दोन बस बदलून दुसऱ्या गावच्या हॉलवर जायचो, तिथं ९५ किलोचा एक जण होता, चार राउंड खेळायचे आणि परत. चार राउंडसाठी पाच तासांचा प्रवास. एकदा राज्य पातळीवर सिल्व्हर मिळालं, आमच्या गटात एंट्रीच चार होत्या, त्यातला सेमीफायनलचा समोरचा आलाच नाही, म्हणजे वॉकओव्हर, आणि फायनलला हरलो. घरी हार-तुरे झाले. गावात बोर्ड लागला. मी ते मेडल आईच्या देव्हाऱ्यात ठेवलं आणि नंतर काढून पेटीत ठेवलं, कारण एकही बाउट न जिंकता मिळालेलं ते मेडल देवासमोर ठेवायला मन धजेना. हेवीवेटला दार उघडं असतं म्हणालो ना, त्याची ही दुसरी बाजू. पायऱ्या कमी असतात त्यामुळे माणूस शिकायच्या आधी वर पोचतो.

याच काळात मी उशिरा सुरू केलेल्या हेवीवेटच्या बाउट शोधून शोधून बघायला लागलो. अमेरिकेतला डिऑन्टे वाइल्डर, विसाव्या वर्षी सुरुवात, मुलगी पाठीच्या मणक्याचं दुखणं घेऊन जन्माला आली तिच्यासाठी. तीन वर्षांत बीजिंग ऑलिंपिकचं ब्राँझ, २०१५ ला डब्ल्यूबीसी या व्यावसायिक बॉक्सिंगच्या संघटनेचा वर्ल्ड चॅम्पियन. त्याच्या उजव्या हातासारखा हात मी बघितला नाही. पण पाय बघा त्याचे. ठोसा मारल्यावर पाय एकमेकांत जातात, तोल पुढे जातो. तो हात एवढा भारी होता की पायांची उणीव कित्येक वर्षं कुणाला वसूल करता आली नाही, फेब्रुवारी २०२० मध्ये टायसन फ्युरीने ती केली, त्याला सतत मागे ढकलत सातव्या राउंडला. सर आणि मी ती बाउट मोबाईलवर तीनदा बघितली. त्याउलट अँथनी जोशुआ, इंग्लंडचा, अठराव्या वर्षी सुरुवात आणि २०१२ ला ऑलिंपिक गोल्ड, त्याचा स्टान्स बघितला की कळतं कुणीतरी या माणसाला रेषेवर उभं केलंय.

मग लॉकडाऊन. हॉल बंद, मी गावी. वय ३०. सगळ्यांचा खेळ त्या वर्षी मोडला पण मला जो फायदा झाला तो मी लपवणार नाही. गोडाऊन नाही, रात्रपाळी नाही, झोप पूर्ण. घरामागे जुनं खळं होतं, सिमेंट केलेलं, त्यावर मी खडूने रेषा मारली, आईकडून काडेपेट्या घेतल्या आणि रोज दोन वेळा, सकाळी तासभर आणि ऊन उतरल्यावर तासभर, फक्त पाय. बॅग नव्हतीच. पॅड धरायला कुणी नव्हतं. सात महिने मी कशालाही ठोसा मारला नाही. शॅडो, म्हणजे हवेत हात चालवणं, आणि पाय. ऑक्टोबरच्या सुमारास एक दिवस आई भांडी घासत बघत होती आणि म्हणाली, तुझा आवाज बंद झाला. म्हणजे आधी मी सरकायचो तेव्हा सिमेंटवर टाच घासल्याचा, आपटल्याचा आवाज यायचा तो येत नव्हता. मी तसाच उभा राहिलो. सरांना फोन केला. ते पलीकडून बराच वेळ काही बोललेच नाहीत, मग म्हणाले, बरं झालं.

१ ऑगस्ट २०२१, रविवार. टोकियो ऑलिंपिक. गोडाऊनच्या बाहेर पायरीवर बसून आम्ही सहा-सात जण एका मोबाईलवर सतीश कुमारची क्वार्टर फायनल बघत होतो. बुलंदशहरचा शेतकऱ्याचा पोरगा, कबड्डीवाला, फौजेत गेल्यावर तिथल्या कोचनी उंची बघून बॉक्सिंगला घातलेला. भारताचा ऑलिंपिकला गेलेला पहिला सुपर हेवीवेट, म्हणजे ९१ किलोच्या वरच्या गटातला. आधीच्या बाउटमध्ये त्याची हनुवटी आणि कपाळ फुटलं होतं, १३ टाके होते, आणि समोर उझबेकिस्तानचा जलोलोव, वर्ल्ड चॅम्पियन. सतीश ५-० ने हरला. लोक त्याच्या टाक्यांबद्दल बोलत होते, ते बरोबरच आहे, पण मी त्याच्या पायांकडे बघत होतो. तिसऱ्या राउंडला, एवढा मार खाऊन, तो अजून कोन काढत होता. मागे सरळ रेषेत जात नव्हता. बाजूला सरकून उजवा टाकत होता. शेजारचा म्हणाला हरला रे. मला बोलताच आलं नाही, गळा भरून आला होता.

माझी शेवटची बाउट फेब्रुवारी २०२२ ला. एकूण चौदावी. आधीच्या तेरात सात जिंकलो होतो, सहा हरलो होतो. समोर २२ वर्षांचा, माझ्याएवढाच उंच, लहानपणापासून खेळलेला, मला त्याचं नाव ड्रॉमध्ये बघूनच पोटात गोळा आला होता. पहिला राउंड त्याचा. दुसऱ्या राउंडला मी जॅब टाकला, त्याला तेच हवं होतं, त्याने माझ्या जॅबवरून उजवा हात सोडला, पूर्ण ताकदीने. मी तो हात येताना बघितला नाही. पण माझा डावा पंजा फिरला. मी फिरवला नाही, तो फिरला. मागचा पाय त्याच्यामागे अर्धवर्तुळात आला आणि तो हात माझ्या कानाजवळून वारा घालत गेला, आणि समोर त्याच्या उजव्या बरगड्या उघड्या. मी हुक, कोपर वाकवून बाजूने, मारला. मूठ आत गेल्याचं जाणवलं, त्याचा श्वास माझ्या खांद्यावर आला. रेफरीने आठ मोजले. कॉर्नरमधून सरांचा आवाज येत नव्हता. एरवी ते सतत ओरडायचे. मी मान वळवून बघितलं तर ते टॉवेल तोंडावर धरून उभे होते.

बाउट मी ३-२ ने हरलो. तिसऱ्या राउंडला जुना गुडघा सुजायला लागला होता आणि तो पोरगा खरंच चांगला होता. दुसऱ्या दिवशी गुडघा एवढा झाला की पँट चढेना. डॉक्टर म्हणाले धावणं, उड्या बंद. नियमाने ४० पर्यंत खेळता येतं, गुडघ्याने ३१ ला थांबवलं.

एप्रिल २०२३ मध्ये कौर सिंग गेल्याची बातमी आली, सरांनीच फोन केला. त्याच आठवड्यात यात्रेसाठी गावी होतो, तालमीत गेलो. वस्ताद आता ऐंशीच्या घरात, खांबाला टेकून बसतात. मला म्हणाले, तू ते ठोशांचं काय शिकलास म्हणे, दाखव बघू. मी चप्पल काढून आखाड्यात उतरलो, नुकता खोदून सारखा केलेला आखाडा, माती पायाला गार लागली, आणि स्टान्स घेतला. ते बराच वेळ बघत राहिले. मग काठी टेकत जवळ आले आणि न सांगता माझ्या खांद्याला धक्का दिला, म्हातारा असला तरी हात तोच. मी बाजूला फिरलो आणि त्यांना दंडाला धरून सावरलं. ते खाली मातीकडे बघत होते. डाव्या पंजाची एक चकती उमटली होती आणि तिच्याभोवती उजव्या अंगठ्याची वाकडी रेघ, कोयत्यासारखी. टाचेचा ठसा कुठेच नव्हता. त्यांनी काठीचं टोक त्या रेघेवरून फिरवलं, एकदा इकडून तिकडे.

"पोरांनो," म्हणाले, "हा कोपरा आज खोदू नका."